गाणाऱ्या नटीचा हिशेब

प्रतापगड म्हटले की वाचकांच्या डोळ्यांपुढे जावळीचे खोरे आणि अफझलखानाची भेट उभी राहते. आमचा प्रतापगड तो नव्हे. आमचा गड महाराष्ट्राच्या अगदी दुसऱ्या टोकाला, गोंदिया जिल्ह्यातील अर्जुनी मोरगाव तालुक्यात, नवेगावबांधच्या तळ्याच्या मुलखात आहे. महाशिवरात्रीला येथे मोठी यात्रा भरते. डोंगरावर महादेव आहे आणि ख्वाजा उस्मान गनी हारूनी यांचा दर्गाही आहे. पुष्कळ माणसे दोन्हीकडे माथा टेकूनच घरी परततात. इतिहासाच्या पाठ्यपुस्तकात मात्र आमच्या गडाला जागा मिळालेली नाही. असो.

आमच्या भागाला दुसरेही एक वेड आहे, आणि ते दिवाळीपासूनच चढू लागते. भाऊबीज झाली, धान कापणीला आले, की झाडीपट्टीत गावोगावी मंडई भरू लागते. दिवसा बाजार, कुठे शंकरपट, पाहुणेरावळे; आणि रात्री नाटक. पडदा रात्री उशिरा उघडतो आणि तांबडे फुटेपर्यंत खेळ चालतो. वडसा हे या नाटकमंडळ्यांचे माहेरघर. अर्जुनीहून रेल्वेने जावे तर हाकेच्या अंतरावर. शहरातील रंगभूमीला प्रेक्षकांची चिंता लागलेली असते, त्या दिवसांत आमच्याकडे बाया पोरांना पोटाशी घेऊन गोधडीसकट नाटकाला येतात.

या नाटकांतले एक वैशिष्ट्य मला नेहमी मोलाचे वाटत आले आहे. पेटीतबल्याचा ताफा रंगमंचापुढे बसलेला असतो, आणि नटी बहुधा आपले गाणे आपणच म्हणते. संवाद तिचा, रडणे तिचे, गाणेही तिचेच. पूर्वी आमच्या दंडारीत आणि खडी गमतीत पुरुषच लुगडी नेसून बायकांची कामे करीत. पुढे बाया आल्या त्या गळा घेऊनच आल्या. एका मंडईत, पहाटे नाटक संपल्यावर, चहाच्या टपरीवर अशाच एका नटीशी बोलण्याचा योग आला. कानाला मफलर गुंडाळून ती गरम पाणी पीत होती. मी विचारले, "बाई, रोज रात्रभर गाता, आवाज नाही बसत?" ती हसली आणि म्हणाली, "बसला त उठवा लागते जी. पैसे उभ्या आवाजाचेच भेटतेत."

उभ्या आवाजाचे पैसे! हे शब्द माझ्या मनातून जाईनात. गाणाऱ्या बाईच्या आवाजाचे मोल कोण ठरवतो, ते तिच्या हाती किती पडते, आणि त्या आवाजावर मालकी कोणाची, हा प्रश्न मराठी मुलखात प्रथम उघड्यावर कोणी आणला, याचा मी शोध घेऊ लागलो. शोधता शोधता प्रतापगडापासून फार दूर, पुण्याच्या प्रभात स्टुडिओच्या दारात येऊन थांबलो. तेथे १९३९ च्या जुलै महिन्यात एक बावीस वर्षांची नटी उपाशी बसली होती. तिचे नाव शांता आपटे.

आजच्या तरुण वाचकांना हे नाव कदाचित आजीच्या तोंडून ऐकलेले असेल, कदाचित तेवढेही नसेल. १९३० ते १९४० या दशकात मात्र ते घराघरांत होते.

शांताबाईंचा जन्म १९१६ सालचा, सोलापूर जिल्ह्यातील दुधनीचा. गाण्याचे शिक्षण पंढरपुरात झाले. विठोबाच्या गावी गाणे शिकलेल्या मुलीचा गळा भजनाला वळलेला असणारच. बोलपट नुकता जन्मला होता आणि त्याला मुख्य भूक होती ती गाणाऱ्या माणसांची. मूकपटातील सुंदर चेहरे रातोरात निरुपयोगी ठरले. ज्यांना सूर लागत नव्हता त्यांची चलती संपली. भालजी पेंढारकरांनी १९३२ साली 'श्यामसुंदर' काढला. त्यात शाहू मोडक कृष्ण झाले आणि शांता आपटे राधा. दोघेही कोवळ्या वयाची. हा बोलपट मुंबईत पंचवीस आठवड्यांवर चालला. बोलपटाचे वय जेमतेम एक वर्षाचे असताना ही गोष्ट लहान नव्हती.

दोन वर्षांनी त्या प्रभातमध्ये आल्या. प्रभात कंपनी कोल्हापुराहून पुण्यास आली आणि नव्या जागेतील पहिला बोलपट म्हणून शांतारामबापूंनी 'अमृतमंथन' (१९३४) काढला. हिंदी आवृत्तीतील चंद्रमोहन यांचा राजगुरू आणि पडदाभर पसरलेला त्याचा डोळा यांची चर्चा फार झाली, आजही होते. परंतु लोक गुणगुणत बाहेर पडले ती शांताबाईंची गाणी. त्यांना संगीत होते केशवराव भोळे यांचे. भोळे आमच्या विदर्भाचे, अमरावतीचे. हे आम्ही मंडळी संधी मिळेल तेथे सांगतोच!

केशवराव मोठे चिकित्सक गृहस्थ होते. बैठकीतले गाणे आणि पडद्यावरचे गाणे यांत फरक आहे, हे ओळखणाऱ्या पहिल्या काही माणसांपैकी ते एक. बैठकीत गवई तासभर राग उलगडतो. पडद्यावरच्या मुलीला तीन मिनिटांत आपले सुखदुःख सांगून मोकळे व्हायचे असते. शिवाय तिचा चेहरा पडद्यावर पुरुषभर उंच दिसतो. सुरुवातीच्या बोलपटांत गाणे सुरू झाले, की पात्र खांबासारखे उभे राही आणि कथा जागच्या जागी थिजे. शांताबाई गाताना थिजल्या नाहीत. डोळे, मान, हात, सारे गाण्याबरोबर चालत राहिले. त्यांचे गाणे हा अभिनयाचाच पुढचा भाग वाटे. मला विचाराल तर आपल्याकडच्या चित्रपटगीताला अंग मिळाले ते येथे.

हे काम किती कष्टाचे होते याची कल्पना आज येणे कठीण. सुरुवातीच्या बोलपटांत पार्श्वगायन नव्हते. पात्र कॅमेऱ्यापुढे उभे राहून गाई, ध्वनिग्राहक डोक्यावर चौकटीच्या जरा बाहेर टांगलेला, आणि पेटी, सारंगी, तबला घेऊन वाजवणारे कॅमेऱ्याच्या नजरेआड दडलेले. दिव्यांच्या प्रखर उजेडात घामाने रंग ओघळू लागे. सूर बरोबर लागला पण नजर चुकली, तर पुन्हा पहिल्यापासून. नजर साधली पण बाहेर कुत्रे भुंकले, तरी पुन्हा पहिल्यापासून. एका माणसाने दोन कारागिरांचे काम एकाच वेळी करायचे, असा तो प्रकार होता. आणि पगार? तो मात्र एकाच माणसाचा.

'अमरज्योती' (१९३६) मध्ये दुर्गाबाई खोट्यांसारख्या दमदार नटीसमोर शांताबाई राजकन्या म्हणून उभ्या राहिल्या. परंतु त्यांचे खरे काम पुढच्याच वर्षी आले: 'कुंकू', आणि हिंदीत 'दुनिया न माने'.

ना. ह. आपट्यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरून हा बोलपट केलेला. नीरा नावाच्या अनाथ मुलीचे लग्न फसवून एका म्हाताऱ्या वकिलाशी लावून देतात. आपल्या कथाकादंबऱ्यांत अशा मुली पूर्वीही पुष्कळ येऊन गेल्या होत्या. त्या विहीर जवळ करीत, नाहीतर नशिबाला बोल लावून तुळशीला पाणी घालीत. नीरा तसे काही करीत नाही. ती हे लग्नच मानीत नाही. म्हाताऱ्या नवऱ्याला ती दार उघडत नाही, आणि वाह्यात सावत्र मुलगा अंगचटीला येतो तेव्हा त्याला छडीने फोडून काढते. नवरा झालेले केशवराव दाते यांचे कामही असे अप्रतिम, की आपल्याला त्या म्हाताऱ्याचाही राग राग करवत नाही. घरातले घड्याळ टकटकत असते, मध्येच बंद पडते, आणि काकासाहेबांना आपले वय त्या टकटकीत ऐकू येते.

या बोलपटात पार्श्वसंगीत मुळीच नाही. पावलांचा आवाज, घड्याळ, भांडी, दाराची कडी, एवढेच. त्या शांततेत नीरा गाते, तेव्हा त्या घरात जिवंत असे फक्त तेवढेच आहे असे वाटते. आणि ती काय गाते? मराठी पदे तर गातेच. शिवाय लाँगफेलो या अमेरिकन कवीची जीवनावरची प्रसिद्ध कविता थेट इंग्रजीत गाते. १९३७ साली एका मराठी बोलपटातील नऊवारीतली मुलगी इंग्रजी कविता गाते, ही कल्पनाच धाडसाची. शांताबाईंनी ती अशा निश्चयाने म्हटली आहे, की इंग्रजी न कळणाऱ्यालाही मुलीने मनाशी काही ठरवले आहे एवढे नक्की कळावे. मी हा बोलपट अलीकडेच पुन्हा पाहिला. काही प्रसंग आता संथ वाटतात, उपदेश जास्त वाटतो. त्या गाण्याला मात्र अजून धूळ बसलेली नाही.

१९३८ साली 'गोपालकृष्ण' आला. राम मराठे कृष्ण आणि शांताबाई राधा. म्हणजे ज्या भूमिकेने पडद्यावर पाऊल टाकले तीच सहा वर्षांनी पुन्हा, पण आता साऱ्या देशात ओळखली जाणारी नटी म्हणून.

यानंतरचे वर्ष उपोषणाचे.

करार आणि वेतन यांवरून शांताबाईंचा कंपनीशी वाद झाला. असे वाद त्यापूर्वी झाले नसतील असे नाही. नटनट्या चडफडत, कोणा वडीलधाऱ्याला मध्यस्थीला घालीत, अखेर गप्प बसत. शांताबाई स्टुडिओच्या दारात जाऊन बसल्या आणि त्यांनी अन्न सोडले. अंगात विजार आणि सदरा. पुण्यातल्या भल्या माणसांना उपोषणापेक्षा त्या विजारीचाच धक्का अधिक बसला असेल, अशी माझी आपली अटकळ. रात्रीही त्या तेथेच राहिल्या. अखेर डॉक्टरांनी मध्ये पडून उपोषण सोडवले आणि पुढे त्यांची करारातून सुटका झाली.

आज मागे वळून पाहताना दोन गोष्टी ध्यानात घ्याव्या लागतात. त्याच वर्षीच्या मार्चमध्ये गांधीजींनी राजकोट येथे उपोषण केले होते आणि देशभर त्याचीच चर्चा होती. उपोषण हे सत्याग्रह्याचे शस्त्र. ते एका सिनेमानटीने पगारासाठी उचलावे हे अनेकांना हास्यास्पद वाटले. वृत्तपत्रांना चविष्ट बातमी मिळाली. परंतु जरा विचार करा. गिरणीकामगाराने संप केला तर तो संप. मग दोन माणसांचे काम करणाऱ्या नटीने दारात बसून हिशेब मागितला तर तो नखरा का? प्रभातने मराठी माणसाला काय दिले हे मला सांगायला नको. 'संत तुकाराम' देणाऱ्या संस्थेविषयी माझ्या मनात आदरच आहे. पण मोठ्या संस्थेच्या दारातही लहान माणसाचा हिशेब राहून जाऊ शकतो, आणि तो मागायला ती मुलगी एकटी बसली, ही गोष्ट त्या आदराने पुसली जात नाही.

तिने तेवढ्यावर सोडलेही नाही. १९४० साली शांताबाईंनी एक लहानसे मराठी पुस्तक लिहिले: 'जाऊ मी सिनेमात?' सिनेमात जावे की नाही असे विचारणाऱ्या तरुण मुलामुलींना दिलेले हे उत्तर. नटीने लिहिलेले म्हणजे आठवणी, आरसे आणि अत्तरे असतील, असे समजून कोणी ते उघडले असेल तर त्याची निराशाच झाली असेल. त्यात आहे तो थकवा. त्यात आहेत करार, कामाचे तास, मालकाची पकड, आणि कष्टांच्या मानाने पदरात पडणारे मोल. आपल्याकडे नटनट्यांची आत्मचरित्रे पुढे पुष्कळ निघाली. परंतु अभिनय ही मजुरी आहे आणि तिचा हिशेब मांडता येतो, असे इतक्या लवकर आणि इतक्या उघडपणे क्वचितच कोणी लिहिले असेल.

गंमत पाहा. त्याच १९३९ च्या उन्हाळ्यात पृथ्वीच्या पाठीवर दुसऱ्या टोकाला, ब्राझीलची लाडकी गायिका व नटी कार्मेन मिरांडा न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर आली. तबकड्यांनी आणि रेडिओने तिला रिओमध्ये घराघरांत पोहोचवले होते. पुढे हॉलिवूडने तिला पैसा अमाप दिला, पण डोक्यावर फळांची टोपली ठेवून तोडक्यामोडक्या इंग्रजीत बोलणारी गमतीची बाई, एवढ्याच साच्यात तिला बसवले. परक्या भाषेत तिचे अडखळणे हाच विकायचा माल झाला.

शांताबाईंनाही परकी भाषा समोर आली. मद्रासकडून 'सावित्री' या तमिळ बोलपटासाठी बोलावणे आले. तोवर पार्श्वगायनाची युक्ती निघालेली होती. कलकत्त्यास नितीन बोस यांनी १९३५ मध्येच ती वापरली होती. दुसऱ्या कोणाचा आवाज घेऊन वेळ मारून नेता आली असती. शांताबाईंनी तसे केले नाही. त्यांनी सुमारे वर्षभर तमिळ भाषा शिकून घेतली, आणि संवाद व गाणी आपल्याच तोंडाने म्हटली. १९४१ साली 'सावित्री' पडद्यावर आला. त्यात नारदाचे काम कोणी केले होते? एम. एस. सुब्बुलक्ष्मी यांनी! दुधनीची मुलगी सावित्री, मदुराईची मुलगी नारद, आणि दोघींचे गाणे एकाच बोलपटात. आपल्या देशाच्या संगीताच्या इतिहासात असे प्रसंग फार थोडे. आमच्या झाडीपट्टीतल्या नट्यांना हे ऐकून नवल वाटणार नाही. परगावची नटी येथे कामाला आली की चार दिवसांत झाडीबोली पकडते, नाहीतर प्रेक्षक तिला सोडत नाहीत.

यानंतर शांताबाई लाहोरला गेल्या. पांचोली कंपनीचा 'जमीनदार' १९४२ चा. संगीत गुलाम हैदर यांचे. पुणे, मद्रास, लाहोर: एका कंपनीच्या दारातून बाहेर पडलेल्या नटीला सारा देश मोकळा झाला होता, असे म्हणता येईल. पण 'कुंकू'सारखे काम पुन्हा हाताला लागले नाही, हेही खरे. स्वतंत्र झालेल्या कलावंताला दर वेळी नवा मालक, नवा दिग्दर्शक; भोळे यांच्यासारखा पारखी सोबत नाही. पुढच्या दहाबारा वर्षांतील बोलपटांची यादी लांब आहे. त्यातली बरीचशी नावे मी येथे गाळतो. ती गाळल्याने शांताबाईंचे काही कमी होत नाही.

एक नाव मात्र गाळता येणार नाही. १९४६ साली मास्टर विनायकांनी 'सुभद्रा' काढला. संगीत वसंत देसाई यांचे. त्यात शांताबाईंबरोबर एका सतरा वर्षांच्या मुलीने द्वंद्वगीत म्हटले. वडील गेल्यामुळे घर चालवण्यासाठी त्या मुलीला चित्रपटात लहानसहान कामे करावी लागत होती, आणि तोंडाला रंग लावणे तिला मनापासून आवडत नव्हते. तिचे नाव लता मंगेशकर. एका गाण्यात दोन युगे शेजारी उभी होती. एकीचा चेहरा आणि आवाज वेगळे करता येत नव्हते; दुसरी लवकरच चेहऱ्याच्या ओझ्यातून मोकळी होऊन केवळ आवाज होणार होती.

त्यानंतर तीनच वर्षांनी, १९४९ मध्ये, 'महल' आला. त्यातील गाजलेल्या गाण्याच्या पहिल्या तबकड्यांवर गायिकेचे नाव काय होते? 'कामिनी'. म्हणजे पडद्यावरच्या पात्राचे! गाणारी लता, पण तबकडीवर तिला जागा नव्हती. लोकांनी आकाशवाणीला पत्रे लिहून विचारले, ही गाते कोण, तेव्हा कोठे नाव बाहेर आले. पुढे लताबाईंनी तबकडीवरील नावासाठी आणि गाण्याच्या रॉयल्टीसाठी जो आग्रह धरला तो सर्वांना ठाऊक आहे. त्यांच्या आग्रहामागे त्यांचे स्वतःचे कडवे अनुभव होते. शांताबाईंचे उपोषण त्यांच्या मनात होते असे म्हणण्यास मला आधार नाही. पण हिशेब तोच होता. फक्त तो मागणारी आता पडद्याच्या मागे होती.

पार्श्वगायनाने गाण्याचे फार कल्याण केले, हे मान्य केलेच पाहिजे. गळा नसलेल्या पण उत्तम अभिनय करणाऱ्या नट्यांना वाट मिळाली. रूप नसलेल्या गायिकांनाही मिळाली. परंतु ज्यांच्यात दोन्ही एकवटले होते त्यांचे वेगळेपण त्याच दिवशी ओसरले. शांताबाई, जोत्स्नाबाई भोळे यांच्या पिढीचे गाणे हे गाणाऱ्या माणसाच्या चेहऱ्यासकट ऐकण्याचे गाणे होते. ज्योत्स्नाबाईंना रंगभूमी होती. १९४२ च्या 'कुलवधू'ने त्यांना अढळ जागा दिली. शांताबाईंचे घर पडदा, आणि पडद्याने आपली रीत बदलली.

तरी त्या काम करीत राहिल्या. हिंदीत, मराठीत, १९५५ साली 'मुळू माणेक' या गुजराती चित्रपटातही. इंग्रजी गाणे, तमिळ बोलपट, लाहोरचा हिंदुस्तानी बोलपट आणि गुजराती चित्रपट, एवढा पल्ला मारलेली मराठी नटी त्या काळात दुसरी मला तरी दिसत नाही. पैसा, कीर्ती यांची पहिली भरती ओसरून गेली होती. २४ फेब्रुवारी १९६४ रोजी, आजारपणानंतर, मुंबईत त्यांचे निधन झाले. वय अवघे सत्तेचाळीस.

'जाऊ मी सिनेमात?' हे पुस्तक पुढे जवळजवळ विसरले गेले होते. अलीकडे चित्रपटाच्या इतिहासाचे अभ्यासक त्याकडे वळले आहेत. कामगारांच्या इतिहासात त्याला आता जागा मिळू लागली आहे. सिनेमात जाऊ का, या प्रश्नाचे उत्तर शांताबाईंच्या घरी मात्र पुढच्या पिढीने आपल्या परीने दिले. त्यांच्या कन्या नयना आपटे रंगभूमीवर आल्या, पडद्यावरही आल्या, आणि आपली गाणी त्या आपणच गायिल्या.